‘पप्पांना वाटतं, मी हरले’

ताई,

मी वीस वर्षांची आहे, कोल्हापुरात राहते. बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. सहावी ते आठवी मी एका मालिकेत काम करत होते. नायिकेची धाकटी बहीण. तेव्हा आम्ही रंकाळ्यावर भेळ खायला गेलो तरी लोक फोटोसाठी गोळा व्हायचे. मग मालिकेत लीप आला, गोष्ट काही वर्षं पुढे गेली आणि माझ्या जागी मोठी मुलगी आली. आम्हाला आठवडाभर आधी कळलं. त्यानंतर मुंबईला पुष्कळ ऑडिशन दिल्या, एकही लागली नाही.

शूटिंगला दोन शॉटच्या मधे मी साउंडवाल्या काकांजवळ जाऊन बसायची. ते हेडफोन माझ्या कानाला लावायचे. हायवेवरून येणारी एसटी सगळ्यांच्या आधी मला ऐकू यायची. कुणाच्या बांगड्या वाजतायत, कोण लांब उभं राहून हळूच कुजबुजतंय, सगळं. गेल्या महिन्यात तेच काका भेटले. त्यांचं एका सिनेमाचं काम चित्रनगरीत सुरू होतंय, असिस्टंट म्हणून येतेस का म्हणाले. मला जायचंय. मी कोण ते निर्मात्यांना कळल्यावर ते म्हणाले, ‘बरंच झालं, प्रमोशनला उपयोग होईल.’

पप्पा शिरोलीला फौंड्रीत पॅटर्न मेकर आहेत. ते म्हणाले, ‘सगळा महाराष्ट्र तुला ओळखायचा आणि आता तू वायरी गोळा करणार?’ तेव्हापासून नीट बोलत नाहीत. आई तीन वर्षं शिवणकाम बंद ठेवून माझ्याबरोबर सेटवर बसली. ती काहीच बोलत नाही. अंबाबाईच्या देवळात ओळखीच्या बायका विचारतात, ‘आता कुठं दिसत न्हाईस गं टीव्हीवर?’ काम मिळेना म्हणून मी मागं पळतेय का? खरं सांगा.

– स., कोल्हापूर

प्रिय स.,

खरं सांगा म्हणालीस, म्हणून आधी तेच सांगते. तुझ्या पत्रात अभिनयाबद्दल एकही ओळ नाही. तीन वर्षांतला एखादा आवडता प्रसंग, पाठ राहिलेला संवाद, दिग्दर्शकाची शाबासकी, यातलं काहीच तू लिहिलेलं नाहीस. लिहिलंयस ते हेडफोनबद्दल. सेटवर अकरा-बारा वर्षांच्या मुलीला दोन शॉटच्या मधे करायला पुष्कळ असतं. खाऊ असतो, मोबाइल असतो, राहिलेला गृहपाठ असतो, आईच्या मांडीवर डोकं टेकून झोपणं असतं. हे सगळं सोडून तू साउंडच्या माणसाशेजारी जाऊन बसलीस, आणि ते लीप यायच्या आधी, ऑडिशनच्या नकारांच्याही आधी. तुझी ओढ नकारातून आलेली नाही. ती त्याच्याहून जुनी आहे.

पण ‘आम्हाला आठवडाभर आधी कळलं’ हे वाक्यही तुझ्याच पत्रात आहे, आणि त्याच्यावरून मला पुढे जाता येत नाही. मालिकेत लीप कसा येतो हे तुला तेव्हा कुणी समजावून सांगितलं नसणार. कथा एका जागी घोटाळायला लागते, वाहिनीला प्रेक्षक घटल्यासारखे वाटतात, बैठक होते आणि ठरतं की गोष्ट पाच-सात वर्षं पुढे न्यायची. त्या बैठकीत धाकट्या बहिणीचं काम कसं होतंय हा विषयच नसतो. तिचं वय हा विषय असतो. तेरा वर्षांची मुलगी वीस वर्षांची दाखवता येत नाही, बस एवढंच. निर्णय व्यवहाराचा असतो, पण तो सांगायचा कसा, एका लहान मुलीला कुणी आणि कधी सांगायचा, याची कुणालाच काळजी नसते. तीन वर्षं ज्या माणसांत तू वाढलीस ती एका आठवड्यात तुझ्या रोजच्या जगण्यातून गेली. याचं तुला वाईट वाटलं असेल, अजून वाटत असेल, तर ते रास्त आहे. त्याची लाज बाळगू नकोस.

ऑडिशनचंही असंच आहे. चौदा ते अठरा हा मधला काळ पडद्यावरच्या मुलींसाठी कोरडा असतो. बालभूमिकेला मोठी, नायिकेला लहान. पटकथेत त्या वयाची मुलगी असलीच तरी बऱ्याचदा वीस-बावीसची नटी घेतात, कारण तिला जास्त तास काम करता येतं आणि कायद्याची बंधनं नसतात. त्या चार वर्षांतल्या नकारांवरून तुझ्या अभिनयाचं माप काढू नकोस. पप्पांनीही काढू नये.

आता एक गोष्ट मात्र तू स्वतःला विचार, आणि उत्तर कुणालाच सांगू नकोस. साउंडचं काम डोळ्यांपुढे आणलंस की तुला त्यात काय दिसतं? काम दिसतं, की ‘तिथं मला कुणी नाकारणार नाही’ असा दिलासा दिसतो? कारण तो दिलासा खोटा आहे. मी काही वर्षं सेटवर कंटिन्युइटीचं, म्हणजे एक शॉट दुसऱ्याशी जुळतोय का ते बघण्याचं काम केलंय. बूम, म्हणजे लांब काठीला लावलेला माइक, फ्रेममधे आला की कॅमेऱ्यामागून सगळ्यांच्या देखत ‘बूम!’ अशी हाक येते. रडण्याचा अवघड सीन, नटीनं जीव ओतलेला, आणि तो टेक तुझ्या हातातल्या काठीमुळे गेला की अख्खं युनिट तुझ्याकडे बघतं. नटाची चूक दहा वेळा पोटात घालतात, असिस्टंटची दोनदा. मागे उभं राहिल्यानं माणूस लपत नाही. हे माहीत असूनही तुला जावंसं वाटलं, तर नि:शंक जा.

पप्पांचं बोलणं तुला फार लागलंय. माझ्या मते ते तुझ्यावर रागावलेले नाहीत. त्यांना भीती वाटते की लोकांनी तुला विसरलं आणि त्याचं तुला दुःख होतंय. ‘वायरी गोळा करणार?’ हे त्या भीतीतून आलेलं वाक्य आहे. त्यावर वाद घालून उपयोग नाही. त्यांना दोन गोष्टी सांग. एक आपल्या गावाची, एक त्यांच्या स्वतःच्या कामाची.

गावाची आधी. विष्णुपंत दामले हे नाव पप्पांनी ऐकलं असेल. १९२९ साली कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी उभी राहिली, तिच्या पाच भागीदारांपैकी एक. त्याच्याही आधी, कॅमेरा बनवायच्या मागे लागलेले आनंदराव पेंटर १९१६ मधे अकाली गेल्यावर, बाबूराव पेंटरांनी याच दामल्यांना हाताशी घेऊन इथल्या इथे कॅमेरा तयार केला. १९२० च्या ‘सैरंध्री’ या मूकपटामागे ती खटपट आहे. आणि बोलपट आले तेव्हा पहिला मराठी बोलपट, १९३२ चा ‘अयोध्येचा राजा’, प्रभातनं कोल्हापुरातच केला. त्याचं ध्वनिमुद्रण कुणाकडे होतं? दामल्यांकडे. आवाज पकडायचं यंत्र देशातच नवं होतं, आणि कोल्हापुरात काम करणाऱ्या या माणसानं ते आत्मसात करून मराठी भाषा पहिल्यांदा पडद्यावर बोलती केली. पुढे प्रभात पुण्याला गेली आणि त्याच दामल्यांनी भागीदार फत्तेलालांबरोबर ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला. १९३७ साली त्याची व्हेनिसच्या महोत्सवात वाखाणणी झाली. पप्पा ज्याला वायरी गोळा करणं म्हणतात, त्या खात्याचा मराठीतला पहिला मोठा माणूस आपल्या गावात काम करून गेला आहे.

आणखी एक नाव त्यांना सांग, मास्टर विठ्ठल. लहानपणी नाटक मंडळीत काम करणारा मुलगा. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत, इथं कोल्हापुरात, आला तो संकलनाच्या कामाला. फिल्म कापायची, जोडायची. पुढे तोच मूकपटांचा मोठा नायक झाला आणि १९३१ साली ‘आलम आरा’ या भारताच्या पहिल्या बोलपटाचाही नायक. शांतारामबापू, म्हणजे व्ही. शांतारामसुद्धा पोरवयात गंधर्व नाटक मंडळीत छोटी कामं करत होते, मग महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम केलं, मधे पडद्यावरही आले आणि १९२७ मधे ‘नेताजी पालकर’ दिग्दर्शित केला. त्या कंपनीत कॅमेऱ्यापुढचा आणि मागचा अशी माणसांची वाटणीच नव्हती. सकाळी ज्यानं पडदा रंगवला तो दुपारी मिशी लावून उभा राहायचा. पुढचा मोठा आणि मागचा लहान हे आपल्या गावात तरी फार नंतर आलं.

पप्पा कदाचित सचिन पिळगावकर आणि महेश कोठारे यांची नावं घेतील. दोघंही साठच्या दशकातले बालकलाकार, पुढे दिग्दर्शक. ‘पण ते हिरोही झाले की,’ असं ते म्हणतील. झाले, आणि उत्तम झाले. पण त्यांची वाट तुझी वाट नाही. ते मोठेपणीही पडद्यावर दिसत राहिले, तुला पडदा सोडावासा वाटतोय. या तुलनेत शिरूच नकोस, तिथं तुझं काही ठरणार नाही.

दुसरी गोष्ट त्यांच्या स्वतःच्या कामाची. पॅटर्न मेकर काय करतो हे तुझ्या घरी मी सांगायला नको. लाकडात किंवा धातूत तो नमुना घडवतो, लोखंड निवताना किती आकसेल याचा हिशेब धरून तो किंचित मोठा ठेवतो, त्यावरून वाळूत साचा पडतो, त्यात रस ओततात. शेतकरी इंजिन किंवा पंप घेऊन जातो तेव्हा पॅटर्न फौंड्रीच्या फळीवर राहिलेला असतो. तो कुणी बघत नाही, पण तो चुकला तर कास्टिंग भंगारात जातं. तुझे पप्पा आयुष्यभर अशा कामावर घर चालवत आलेत, ज्यावर त्यांचं नाव कुठेच नसतं. त्यांच्याइतकं हे कोण समजू शकेल? फक्त हे त्यांना तोंडावर सुनावल्यासारखं म्हणू नकोस. एखाद्या रविवारी त्यांच्या हत्यारांशेजारी बस. काकांकडून रेकॉर्डर आणि हेडफोन एका दिवसासाठी मागून आण. त्यांनी रंधा मारताना, कानस घासताना तो आवाज घे आणि हेडफोन त्यांच्या कानाला लाव. स्वतःच्या हाताचा आवाज इतक्या जवळून त्यांनी कधी ऐकलेला नसेल. तुला काय आवडतं हे त्यांना तेव्हा कळेल, माझ्या चार पानी पत्रानं कळणार नाही.

पण पप्पांच्याही आधी तू आईशी बोल. तुझ्या पत्रात आईला दीड ओळ आहे आणि माझ्या मते सगळ्यात मोठी गोष्ट तिथेच आहे. पप्पांनी तुला टीव्हीवर पाहिलं. आईनं सेट पाहिला. तीन वर्षं प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून तिनं कॉल टाइम आणि पॅकअप पाहिले, कोण मुलींशी नीट बोलतो आणि कोण नाही ते पाहिलं, कुठल्या लोकेशनवर बाथरूम नव्हतं ते पाहिलं, लाइटचे दादा कडक उन्हात स्टँड कसे धरून उभे राहायचे ते पाहिलं. साउंडवाल्या काकांजवळ तुला जाऊन बसू दिलं तेही तिनंच, माणूस पारखून. तुझ्या घरात या धंद्याची सगळ्यात जाणती व्यक्ती ती आहे आणि तिला कुणी काही विचारलेलंच नाही. ती गप्प आहे याचे अर्थ तू मनात लावत बसली असशील. कदाचित तिला वाटत असेल, मी शिवणाची गिऱ्हाइकं सोडली ती कशासाठी? कदाचित तिला सुटल्यासारखं वाटत असेल. विचार तिला. ‘आई, तू बघितलंयस सगळं, मी हे काम करू शकेन का?’ असा सरळ प्रश्न विचार आणि ती काय म्हणते ते मधे न बोलता ऐक. ती हो म्हणाली तर पप्पांशी तीच बोलेल, आणि तिचं बोलणं तुझ्या-माझ्यापेक्षा भारी ठरेल. ती नाही म्हणाली तर तिची कारणं खरी असतील, ती लिहून काढ. कामाला जाण्याआधी त्यांची उत्तरं मिळवायची आहेत.

तिच्या त्या तीन वर्षांचं ऋण तुझ्यावर आहे का, असाही प्रश्न तुझ्या मनात असणार. आहे. पण ते फेडायला तू पडद्यावर दिसलंच पाहिजेस असं नाही. पहिल्या कमाईतून तिच्या शिलाई मशीनला मोटर बसवून दे. ती जर पुन्हा गिऱ्हाइकं घेणार असेल तर तेही फेडणंच आहे.

आता कामाचं बोलू. तू अभिनय केलास तो वाया जाणार नाही, उलट बूम धरणाऱ्याला जे शिकायला काळ लागतो त्यातलं बरंचसं तुझ्याकडे आहे. दोन पात्रं बोलत असली की बूम एकाकडून दुसऱ्याकडे वळवावा लागतो, तोही संवाद सुरू व्हायच्या क्षणभर आधी. त्यासाठी संवाद पाठ लागतात. तुझं पाठांतर तयार आहे. नट बोलण्याआधी श्वास घेतो, मान किंचित वळवतो, हे तुला आतून माहीत आहे. कुठला नट तालमीत हळू बोलतो आणि टेकला ओरडतो हे तू दोन दिवसांत ओळखशील. कॅमेऱ्याला कुठली लेन्स लागली आहे हे विचारायची सवय कर, म्हणजे फ्रेमची कड कुठे येते ते कळेल. लाइट कुठून येतोय ते बघ, नाहीतर काठीची सावली भिंतीवर पडते. हात वर ताणून काठी धरायची म्हणजे खांद्यांची परीक्षा असते. आतापासून रोज थोडा वेळ बांबू डोक्यावर धरून उभी राहा, शेजारी काय म्हणतील याची पर्वा नको.

लेपल माइक, म्हणजे कपड्यांत लपवायचा छोटा माइक, लावणं हे निराळंच कौशल्य आहे. खळ घातलेली नऊवारी, नायलॉनचा पदर, मंगळसूत्र, सगळं त्या इवल्याशा माइकवर घासतं. तो कुठे आणि कसा चिकटवायचा याच्या युक्त्या काका शिकवतील. इथं तू मुलगी असणं फार उपयोगाचं आहे. साउंडच्या खात्यात पुरुष जास्त. नटीच्या पदराखाली, ब्लाउजच्या कडेला माइक लावायला एक समजूतदार मुलगी आली की त्या नटीचा जीव भांड्यात पडतो. आणि लहान मुलं असतील तर, अनोळखी माणसाचा हात कॉलरपाशी आला की पोर कसं आक्रसतं, हे तुझ्याइतकं कुणाला कळणार? आधी सांगून, विचारून, हसवून माइक लाव. मला वाटतं या एका गोष्टीवर तुला कामं मिळत राहतील.

चित्रनगरी मोरेवाडीला आहे, आतले सेट शांत असतील. बाहेरचं लोकेशन लागलं की आपल्या भागातला आवाज काय चीज आहे ते कळेल. गळीत हंगामात उसाचे ट्रॅक्टर मोठ्यानं गाणी लावून जातात, कुठं मोटर चालू, कुठं देवळाचा भोंगा, कुठं कोंबडा. तेव्हा नुसतं ‘आवाज येतोय’ म्हणून भागत नाही. कुठून येतोय, किती वेळ राहील, थांबायचं की संवाद नंतर कॅमेऱ्याशिवाय वेगळा घ्यायचा, हे दिग्दर्शकाला दोन वाक्यांत सांगता आलं पाहिजे. एसटी सगळ्यांच्या आधी ऐकणाऱ्या मुलीला ते जमेल.

कान जप. ही विनंती नाही, अट समज. गणपतीच्या मिरवणुकीत डॉल्बीच्या भिंतीपुढे उभी राहू नकोस, मैत्रिणी कितीही ओढोत. कामाला लागण्याआधी एकदा कानांची तपासणी करून घे आणि अहवाल जपून ठेव, पुढे तुलना करायला उपयोगी पडतो.

जे बदलेल तेही सांगते. तेव्हा तू सेटवरचं लाडकं लेकरू होतीस. स्पॉटदादा दूध आणून द्यायचे, छत्री धरायचे. आता तेच दादा तुला म्हणतील, ‘केबल नीट राउंड कर, पाय अडकतोय.’ पहिल्या दिवशी हे ऐकताना पोटात कालवेल. ‘मला ओळखलं नाही का?’ असं ओठावर येईल. येऊ दे, बोलू नकोस. बॅटऱ्या चार्ज करणं, फायलींची नावं बरोबर घालणं, साउंड रिपोर्ट भरणं, सगळ्यात आधी येणं आणि सगळ्यात शेवटी जाणं, एवढंच पहिलं वर्षभर तुझं काम आहे. ते चोख केलंस की ओळखीच्या चेहऱ्याची मुलगी ही तुझी ओळख मागे पडेल आणि काम येणारी मुलगी ही पुढे येईल.

निर्मात्यांचं ‘प्रमोशनला उपयोग होईल’ हे वाक्य मला आवडलेलं नाही. त्यांचा हेतू वाईट असेल असं नाही, पण असिस्टंटच्या रोजात तुझा चेहराही फुकट घेतला जातोय. काकांमार्फत नम्रपणे सांग, मी साउंडच्या कामाला येते आहे, मुलाखती किंवा रील करायचे असतील तर ते वेगळं ठरवू, वेगळ्या पैशांनी, नाहीतर नको. दोन ओळींचा मेल पुरे, पण लेखी हवं. आणि श्रेयनामावलीत तुझं नाव साउंडच्या खात्यात यायला हवं, ‘विशेष आभार’मध्ये नको. पुढचं काम मागताना तेच दाखवायचं असतं.

पैशाचं एक राहिलं, ते बहुतेक घरी कुणाच्या लक्षात नसेल. बालकलाकारांसाठी केंद्राचे २०१७ चे नियम आहेत. दिवसाला पाच तासांहून जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून जास्त नाही, आणि कमाईतला किमान २० टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावानं मुदत ठेवीत टाकायचा, जो त्याला सज्ञान झाल्यावर मिळतो. तुझं काम त्यानंतरचं आहे. पप्पांना विचार, ती ठेव कुठल्या बँकेत आहे. जुने करार आणि पासबुकं काढून बघा. ठेव असेल तर ती तुझी आहे, पण त्यातून लगेच रेकॉर्डर आणि माइक विकत घेऊ नकोस. आधी काकांच्या सामानावर शीक, फक्त एक चांगला हेडफोन घे. बाकी पैसा शिक्षणाला ठेव. ठेव केलीच नसेल, पैसे घराच्या कामी लागले असतील, तर त्यावरून पप्पांशी भांडू नकोस. त्या दिवसांत त्यांना हे कुणी सांगितलंही नसेल.

शिक्षणाबद्दल थोडक्यात सांगते. बी.कॉम. पूर्ण कर. पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमधे ध्वनीचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, त्याला पदवी लागते. बारावीच्या विषयांची काही अट आहे का, हे त्या वर्षीच्या माहितीपत्रकात आधी बघ, तू कॉमर्सची आहेस म्हणून. १९६० साली ही संस्था सुरू झाली ती प्रभातच्याच स्टुडिओच्या जागेत, म्हणजे दामल्यांच्या अंगणातच शिकायला जाशील. रसूल पुकुट्टी तिथलेच विद्यार्थी, ज्यांना २००९ मधे ध्वनीसाठी ऑस्कर मिळालं. हे पप्पांना सांगायला हरकत नाही, पण स्वतःच्या डोक्यावर ते ओझं घेऊ नकोस. आधी एक सिनेमा हाताखाली करून बघ. प्रत्यक्ष फ्लोअरवर राबून प्रवेश परीक्षेला बसलेल्या मुलीची उत्तरं वेगळी असतात.

मुलगी म्हणून काळजीचं. चित्रपटाचं युनिट हेही कामाचं ठिकाण आहे. २०१३ च्या कायद्यानुसार दहा किंवा जास्त माणसं असतील तिथं लैंगिक छळाच्या तक्रारींसाठी अंतर्गत समिती हवी, आणि नसेल तर जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. समितीत कोण आहे, हे पहिल्याच दिवशी प्रॉडक्शनला विचार. विचारलं म्हणून कुणी नाक मुरडलं तर ते तुला वेळेवर कळलं असं समज. पडद्यामागच्या बायकांनी ही जागा झगडून मिळवलेली आहे. रंगभूषाकार म्हणून स्त्रियांना सदस्यत्व न देण्याचा संघटनेचा नियम सर्वोच्च न्यायालयानं मोडीत काढला तो २०१४ च्या नोव्हेंबरात. अगदी अलीकडची गोष्ट आहे ही.

देवळातल्या बायकांना काय सांगायचं? ‘आता मी साउंडला आहे, मावशी,’ एवढंच सांग. त्यांनी प्रेमानं विचारलेलं असतं. तुला त्यात टोचणी ऐकू येते, कारण तो प्रश्न तूच स्वतःला विचारत होतीस. काम सुरू झालं की टोचणी जाईल. आणि उद्या एखादी चांगली भूमिका समोर आलीच तर ती करायला तुला कुणाची बंदी नाही. अभिनय सोडला अशी शपथ घेण्याची गरजच काय?

काकांना या आठवड्यातच फोन कर. शूटिंगच्या तारखा विचार आणि विद्यापीठाच्या परीक्षेशी त्या भिडतात का ते बघ. दिवसाचा मोबदला किती आणि तो कधी मिळणार हे लेखी घे, मालिकांमधे नव्वद दिवसांनी पैसे देण्याची पद्धत आहे, सिनेमातही उशीर होतो. रात्रीच्या पॅकअपनंतर मोरेवाडीहून घरी कोण सोडणार हे आईच्या समोर ठरव. पहिल्या दिवशी सुती, न सळसळणारा कुर्ता आणि मऊ तळव्याचे बूट घाल. पैंजण, बांगड्या आणि किल्ल्यांचा जुडगा घरी ठेव. पहिलं शेड्यूल संपलं की मला लिही, आई काय म्हणाली तेही कळव.